फ्लॉरेन्सची प्रदक्षिणा

गाव पाहावे पायी, असे आमच्या घरातील वडीलधारी मंडळी म्हणत असत. त्यांचे परगाव पाहणे म्हणजे बहुधा तीर्थयात्राच. नाशिकला जा, पैठणला जा की काशीला जा, उतरल्याबरोबर क्षेत्रोपाध्ये पुढे यावयाचे, कूळगोत्र विचारून घ्यावयाचे, आणि मग त्यांच्या मागोमाग घाट, देवळे, कुंडे करीत सारे गाव पायांखालून जावयाचे. कोणत्या पायरीवर कोणत्या राजाने दान दिले, कोणत्या ओवरीत कोण सत्पुरुष उतरला होता, हे त्या उपाध्यांना मुखोद्गत असे. त्यांत खरे किती आणि पदरचे किती हा प्रश्न वेगळा. पण यात्रा संपेतो ते परके गाव ओळखीचे होऊन गेलेले असे.

इटलीतील फ्लॉरेन्स शहरी मला हे उपाध्ये आठवले. तेथे माहितगार माणसाबरोबर पायी गाव पाहण्याची पद्धत रूढ आहे. तिचे प्रकार दोन. एक म्हणजे चाळीस-पन्नास माणसांचा तांडा, पुढे उंच धरलेली छत्री, आणि प्रत्येकाच्या कानात ऐकण्याचे यंत्र. दुसरा प्रकार आठ-दहा माणसांची टोळी घेऊन सावकाश हिंडण्याचा. पहिल्या प्रकाराला इटलीतील शहरे आता कंटाळली आहेत. व्हेनिसने तर २०२४ मध्ये अशा तांड्यावर पंचवीस माणसांची मर्यादा घातली आणि भोंग्यातून बोलण्यास मनाई केली. मी दुसरा प्रकार पत्करला. चार पैसे अधिक पडले, पण बोलणाऱ्याचा चेहरा दिसत होता आणि शंका विचारावयाची सोय होती. आपल्या माणसाला शंका विचारल्यावाचून यात्रा केल्यासारखे वाटत नाही.

सकाळी नऊ वाजता सान लोरेन्झो चर्चपुढच्या चौकात आम्ही आठ जण जमलो. आमच्या मार्गदर्शिका पन्नाशीच्या बाई होत्या. केस पांढरे होत आलेले, पायांत जाड तळव्यांचे बूट, गळ्यात सरकारी परवान्याचे ओळखपत्र. इटलीत हे काम परीक्षा दिल्यावाचून करता येत नाही. बाईंनी प्रथम प्रत्येकाला गाव विचारले. माझी पाळी आली तेव्हा मी ‘बडोदे’ म्हटले. त्यांना ते ठाऊक असण्याचे कारण नव्हते. म्हणून मी सांगितले, की ती एका संस्थानाची राजधानी होती आणि ते संस्थान १ मे १९४९ रोजी मुंबई राज्यात विलीन झाले.

बाई हसल्या. म्हणाल्या, “म्हणजे तुम्हीसुद्धा राजा नसलेल्या राजधानीचे! मग आजची फेरी तुम्हाला इतरांपेक्षा लवकर कळेल.”

तेव्हा मी ते वाक्य सौजन्याचे समजलो. ते तसे नव्हते, हे दुपारी कळले.

ओटा असलेला वाडा

पहिला मुक्काम मेदिची घराण्याच्या वाड्यापाशी. फ्लॉरेन्सच्या इतिहासात मेदिचींचे स्थान काय, हे आपल्या भाषेत सांगावयाचे तर सावकाराचे संस्थानिक झालेले घराणे असे म्हणावे लागेल. १३९७ मध्ये त्यांनी पेढी काढली. राजपद नाही, मुकुट नाही, नावाला लोकांचे राज्य. पण गावाची नाडी पेढीच्या हाती. पुढे सोळाव्या शतकात ते ड्यूक झाले आणि १५६९ मध्ये टस्कनीचे ग्रँड ड्यूक झाले.

हा वाडा कोझिमो मेदिचीने मिकेलोझ्झो या वास्तुशिल्पकाराकडून बांधविला. काम १४४४ च्या सुमारास सुरू झाले. खालच्या मजल्याचे दगड ओबडधोबड, वरच्याचे सपाट, त्यावरचे गुळगुळीत. बाईंनी आम्हाला वर पाहू दिले नाही. त्यांनी पायाशी बोट दाखविले. वाड्याच्या भिंतीला लागून रस्त्याच्या बाजूने दगडी ओटा आहे. बाई म्हणाल्या, “येथे बसा. हा बसण्यासाठीच आहे. आत मालकाची भेट हवी असलेली माणसे पाच शतकांपूर्वी येथेच ताटकळत बसत.”

आम्ही बसलो. भिंतीत घोडे बांधण्याच्या लोखंडी कड्या अजून आहेत. मला आमच्या बडोद्यातील सरदारांच्या वाड्यांचे ओटे आठवले. त्या ओट्यांवरही कोणी अर्ज घेऊन, कोणी मुलाच्या नोकरीसाठी, कोणी नुसतेच मुजऱ्याला म्हणून बसून राहात. फरक एवढाच, की फ्लॉरेन्सचा ओटा आहे आणि त्यावर बसून त्याची गोष्ट सांगणारे माणूस आहे. आमच्याकडचे कित्येक ओटे रस्तारुंदीत गेले आणि त्यांच्याबरोबर तेथे बसणाऱ्यांच्या गोष्टीही गेल्या.

पुढे एका गल्लीत बाईंनी भिंतीतले एक चिमुकले दार दाखविले. कमरेच्या उंचीवर, जेमतेम वीतभर रुंद, वरून कमानदार. मांजरासाठी असावे असे एकाला वाटले. ती निघाली दारूची खिडकी! खानदानी घराणी आपल्या मळ्यांतील द्राक्षांची दारू या भोकातून थेट गिऱ्हाईकाला विकत. बाटली आत द्यावयाची, पैसे द्यावयाचे, भरलेली बाटली घ्यावयाची. मालकाला गिऱ्हाइकाचे तोंड पाहावे लागत नसे आणि गिऱ्हाइकाला मालकाचे. सतराव्या शतकातील प्लेगच्या साथीत या खिडक्यांचा मोठा उपयोग झाला. आणि गंमत अशी, की २०२० मधील साथीत काही दुकानदारांनी त्या पुन्हा उघडल्या व त्यांतून कॉफी आणि आइस्क्रीम विकले. जुनी वस्तू जागेवर राहू दिली तर ती केव्हा कामाला येईल हे सांगता येत नाही.

घुमट आणि गोल फरशी

फ्लॉरेन्समध्ये कोठूनही मान वर केली की दुओमोचा, म्हणजे तेथल्या मुख्य कॅथीड्रलचा, तांबूस घुमट दिसतो. या देवळाचे काम १२९६ मध्ये सुरू झाले. मध्ये अष्टकोनी पोकळी सोडलेली होती, सुमारे ४५ मीटर रुंद, आणि ती झाकावी कशी हे कोणालाच ठाऊक नव्हते. एवढ्या रुंदीच्या कमानीखाली आधाराला लाकडी सांगाडा उभारावयाचा तर तेवढे लाकूड कोठून आणावयाचे? फिलिप्पो ब्रुनेलेस्की हा मूळचा सोनार. त्याने जमिनीवरून उभारलेल्या सांगाड्यावाचून घुमट बांधून दाखविला. एकात एक असे दोन घुमट, आणि विटा अशा गुंफलेल्या की आडव्या थरांना मधूनमधून उभ्या विटांनी अडवून धरावे. त्यामुळे ओला थर खाली घसरत नाही आणि प्रत्येक वेढा पुरा झाला की स्वतःला स्वतःच पेलतो. १४२० मध्ये सुरू झालेले हे काम १४३६ मध्ये पुरे झाले. विटांचा अंदाज चाळीस लाखांवर जातो. माथ्यावर जाण्यास ४६३ पायऱ्या आहेत. आमच्यातील एक तरुण जोडपे त्या दुपारी चढणार होते. मी त्यांना मनापासून आशीर्वाद दिला आणि खालीच राहिलो.

पण बाईंनी आम्हाला अधिक वेळ थांबविले ते घुमटाकडे पाहण्यासाठी नव्हे, तर देवळाच्या पाठीमागच्या फरसबंदीकडे. तेथे एक पांढरी संगमरवरी गोल फरशी बसविलेली आहे. तिच्यावर अक्षर नाही की खूण नाही. शेकडो माणसे ती तुडवून जात होती. १६०० च्या सुमारास घुमटावर वीज पडली आणि कळसावरचा सोनेरी तांब्याचा गोळा गडगडत खाली आला. तो पडला ती ही जागा. बाई म्हणाल्या, “गोळा लगेच दुसरा बसविला. पण पडलेल्या जागेवरही खूण ठेवली. आमचे गाव आपल्या अपघातांचीही नोंद ठेवते.”

समोरच्या बाजूला आल्यावर त्यांनी आणखी एक गोष्ट सांगितली. दुओमोचा पांढऱ्या, हिरव्या आणि गुलाबी संगमरवराचा दर्शनी भाग पाहून माणूस थक्क होतो आणि त्याला पाचसहाशे वर्षांचा समजतो. वस्तुतः जुना अर्धवट दर्शनी भाग १५८७ मध्ये काढून टाकला आणि त्यानंतर तीन शतके या देवळाचे तोंड उघडेबोडकेच होते. आजचा दर्शनी भाग एमिलियो दे फाब्रिस याच्या आराखड्यानुसार १८८७ मध्ये पुरा झाला. हा तपशील मी सहज वहीत टिपून घेतला. तो माझ्या कामाला येणार आहे याची मला कल्पना नव्हती.

कचेऱ्या आणि पाण्याच्या खुणा

पियाझ्झा देल्ला सिन्योरिया हा फ्लॉरेन्सचा दरबार-चौक. एका बाजूस नगरसभेचा जुना किल्लेवजा वाडा. त्याचे बांधकाम १२९९ मध्ये सुरू झाले. त्याच्या दाराशी मायकेलअँजेलोचा डेव्हिड उभा आहे. पण तो मूळ पुतळा नव्हे. मूळ पुतळा १५०४ मध्ये येथे उभा केला, ऊन-पावसापासून वाचावा म्हणून १८७३ मध्ये एका छपराखाली हलविला, आणि १९१० मध्ये ही प्रतिकृती त्याच्या जागी ठेवली. मूळ वस्तू सुरक्षित राहावी आणि जागाही रिकामी राहू नये, अशी दोन्ही बाजूंनी काळजी.

जवळच उफ्फिझीचे जगप्रसिद्ध संग्रहालय. या भारदस्त नावाचा अर्थ ऐकून मला मौज वाटली. उफ्फिझी म्हणजे कचेऱ्या! ग्रँड ड्यूक होण्यापूर्वीच कोझिमो पहिला याने सगळी सरकारी खाती एका छताखाली आणण्यासाठी १५६० मध्ये वासारीकडून ही इमारत बांधविण्यास घेतली. आपल्या बडोद्याच्या कोठीसारखाच प्रकार. पुढे कारकून गेले, चित्रे आली, आणि १७६९ मध्ये ती लोकांना खुली झाली. बोत्तिचेल्लीची व्हीनस, लिओनार्दो, राफाएल, सगळे या कचेरीत आहेत. एकाने विचारले, “पण राजघराणे संपल्यावर ही चित्रे येथे राहिली कशी? विकली का गेली नाहीत?” बाई म्हणाल्या, “ते मी शेवटी सांगते. त्यासाठी नदी ओलांडावी लागेल.”

नदीकडे जाण्याआधी त्यांनी आम्हाला मागच्या बाजूस, सान रेमिजिओ नावाच्या गल्लीत नेले. येथे भिंतीवर दोन खुणा आहेत. एक १३३३ च्या पुराची, दुसरी १९६६ च्या पुराची. दोन्ही पूर आले ४ नोव्हेंबरलाच! १९६६ ची खूण पाहावयाला मान मागे टाकावी लागते. त्या दिवशी अर्नोचे पाणी चिखल आणि घरोघरच्या जळणाचे तेल घेऊन गावात शिरले. राष्ट्रीय ग्रंथालयातील लाखो पुस्तके चिखलात बुडाली. सांता क्रोचे येथील चिमाबुएचा सातशे वर्षांचा रंगविलेला क्रूस जवळजवळ धुऊन गेला. बाप्तिस्मागृहाच्या घिबेर्तीने घडविलेल्या सोनेरी दाराचे पाच पत्रे निखळले. तेव्हा देशोदेशींचे तरुण आपण होऊन तेथे आले आणि हातोहात साखळी करून चिखलातून पुस्तके वर काढीत राहिले. फ्लॉरेन्सच्या लोकांनी त्यांना ‘चिखलातले देवदूत’ असे नाव दिले. बाईंची आई त्यांच्यासाठी पाव भाजून देत असे, एवढेच त्या म्हणाल्या.

विश्वामित्रीच्या काठच्या माणसाला हे वेगळे सांगावयास नको. २००५, २०१९, २०२४, ही साले आपल्याला पाठ आहेत. पण पाणी कोठपर्यंत आले होते हे आपण भिंतीवर कोरून ठेवीत नाही. भिंत वाळली की रंग देतो आणि पुढच्या खेपेस पुन्हा चकित होतो.

राजकन्येचा कागद

पोन्ते वेक्क्यो, म्हणजे जुना पूल, आजच्या रूपात १३४५ चा. त्यावर दोन्ही बाजूंस दुकाने. पूर्वी तेथे खाटीक बसत. ड्यूकसाहेबांना वास सहन होईना, म्हणून १५९३ मध्ये त्यांना उठवून सोनार बसविले. ते अजून आहेत. १९४४ च्या ऑगस्टमध्ये माघार घेणाऱ्या जर्मन सैन्याने गावातील बाकीचे सगळे पूल उडविले, एवढा राहिला. शेजारचा सांता त्रिनिता पूल पडला होता. फ्लॉरेन्सच्या लोकांनी नदीतून त्याचे दगड वेचून काढले आणि १९५८ मध्ये तो पूर्वीसारखाच उभा केला. त्यावरील वसंतदेवीच्या पुतळ्याचे मस्तक सापडेना. ते १९६१ मध्ये नदीच्या गाळात सापडले आणि पुन्हा धडावर बसविण्यात आले.

पूल ओलांडून पाच मिनिटांवर पित्ती राजवाडा आहे. त्याच्या समोरच्या उतारावर लोक ऊन खात बसतात. आम्हीही बसलो आणि बाईंनी राखून ठेवलेली गोष्ट सांगितली.

१७३७ च्या जुलैमध्ये शेवटचा मेदिची ग्रँड ड्यूक जान गास्तोने निपुत्रिक मरण पावला. मागे उरली त्याची बहीण आन्ना मारिया लुइझा. सत्तरीतली, विधवा, तिलाही मूलबाळ नाही. युरोपातील मोठ्या सत्तांनी टस्कनीची गादी कोणाला द्यावयाची हे आपसांत आधीच ठरवून टाकले होते. ती गेली लोरेनच्या फ्रान्सिसकडे. राजकन्येला कोणी विचारले नाही. राज्य तिच्या हातांत नव्हते. पण तीन शतकांत घराण्याने जमविलेली चित्रे, पुतळे, ग्रंथ, रत्ने, जडजवाहीर ही खासगी मालमत्ता होती, आणि ती तिच्या हातांत होती. त्याच वर्षी ३१ ऑक्टोबरला तिने नव्या राजाशी करार केला. हे सर्व मी तुमच्या गादीला देते, अट एकच. यांतील काहीही राजधानीबाहेर आणि राज्याबाहेर नेता कामा नये. कशासाठी, तर ही राज्याची शोभा आहे, लोकांच्या उपयोगाची आहे, आणि परदेशी माणसांचे कुतूहल येथे खेचून आणणारी आहे.

अट तंतोतंत पाळली गेली असे नाही. काही वस्तू गेल्या, काही विकल्या गेल्या. पण मोठा ठेवा राहिला. १८ फेब्रुवारी १७४३ रोजी राजकन्या याच वाड्यात वारली. आजही दर वर्षी त्या तारखेला फ्लॉरेन्सच्या नगरपालिकेची संग्रहालये लोकांना विनामूल्य खुली असतात.

“परदेशी माणसांचे कुतूहल,” बाई आमच्याकडे पाहून म्हणाल्या, “म्हणजे तुम्ही आठ जण. तिने तुमची सोय २८० वर्षांपूर्वी करून ठेवली. माझी भाकरीही तिनेच लिहून ठेवली.” मग थोडे थांबून म्हणाल्या, “आता ते कुतूहल इतके झाले आहे की जुन्या गावात माझ्या मुलीला घर मिळत नाही. सगळी घरे पाहुण्यांना दिलेली. २०२३ मध्ये नगरपालिकेने नव्या पाहुणेघरांना मना करण्याचा ठराव केला. पाहू या. वस्तू जागेवर राहतील हे राजकन्येने पाहिले. माणसे राहतील हे आम्हाला पाहावयाचे आहे.”

फेरी संपली. सगळे पांगू लागले. मी आभार मानीत होतो तेव्हा बाईंनी मला विचारले, “तुम्ही मराठी बोलता ना? मग ‘इंदियानो’ पाहिला असेलच. तो तुमचाच राजा. त्याच्याविषयी मला थोडे सांगता का? इतकी वर्षे मी लोकांना त्याची जागा दाखविते, पण तो कोण, कसा होता, हे मला कोणी सांगत नाही.”

मी गप्प राहिलो. कोल्हापूरच्या कोणा राजांचे फ्लॉरेन्सला निधन झाले होते एवढे कानावर होते. नाव राजाराम. पण कोणते राजाराम? शिवछत्रपतींचे पुत्र राजाराम नव्हेत, हे उघड. शाहू महाराजांचे पुत्र राजाराम विसाव्या शतकातले. मग हे मधले कोण? कोल्हापूरचे राजाराम कॉलेज १८८० मधले. ते कोणत्या राजारामांच्या नावाचे हा विचारच माझ्या मनात कधी आला नव्हता. परक्या बाईला तीनशे वर्षांपूर्वीच्या राजकन्येच्या मृत्यूची तारीख पाठ, आणि मी आपल्याच राजाचे नाव उच्चारून अडलेला! “उद्या पाहून येतो,” असे काहीतरी पुटपुटून मी निरोप घेतला.

संगमावरची छत्री

कास्चिने हे फ्लॉरेन्सचे मोठे उद्यान अर्नोच्या काठाकाठाने पश्चिमेकडे तीन किलोमीटरांहून अधिक लांब गेले आहे. दुसऱ्या दिवशी सकाळी मी ट्रामने त्याच्या तोंडाशी उतरलो आणि एकटाच चालत निघालो. बरोबर मार्गदर्शक नव्हता. रात्री मिळेल तेथून जे वाचले तेवढीच शिदोरी.

हे राजाराम महाराज दत्तक येऊन १८६६ मध्ये कोल्हापूरच्या गादीवर बसले. इंग्रजी शिकलेले, दैनंदिनी लिहिण्याची सवय असलेले. १८७० मध्ये ते समुद्र ओलांडून इंग्लंडला गेले. समुद्रपर्यटनाला धर्मशास्त्राचा निषेध आहे असे मानणाऱ्या काळातली ही गोष्ट. तेथे व्हिक्टोरिया राणीची भेट झाली. परतीच्या वाटेवर प्रकृती बिघडली आणि ३० नोव्हेंबर १८७० रोजी फ्लॉरेन्स येथे त्यांनी देह ठेवला. वय अवघे वीस. त्या वेळी फ्लॉरेन्स इटलीची राजधानी होते. त्या देशात प्रेत दहन करण्याची रीत नव्हती आणि मुभाही नव्हती. पण अधिकाऱ्यांनी खास परवानगी दिली, आणि कास्चिनेच्या टोकाला, जेथे मुन्योने नावाची लहान नदी अर्नोला मिळते तेथे, १ डिसेंबरला हिंदू विधीप्रमाणे दहन झाले. परक्या मुलखात, परक्या भाषेत, बरोबरच्या माणसांनी संगम शोधून काढला यातच सारे आले.

त्यांच्या बरोबर असलेले कॅप्टन वेस्ट यांनी ती दैनंदिनी संपादून १८७२ मध्ये लंडनमध्ये छापली. आणि १८७४ मध्ये दहनाच्या जागी छत्री उभी राहिली.

चालता चालता झाडी विरळ झाली आणि ती दिसली. अगदी आपली छत्री. खांब, वर घुमटी, नक्षी, आणि आत महाराजांचा अर्धपुतळा. संगमरवर पांढरा ठेवलेला नाही. पागोटे, अंगरखा, दागिने, सगळे रंगविलेले. चेहरा कोवळा आहे. शेजारी लेख आहेत. भोवती हिरवळ, एक दोन बाकडी, आणि वरून जाणारा मोटारींचा पूल. तो पूल १९७८ मधला. त्याचेही नाव इंदियानो.

कुत्र्याला फिरवावयास आलेले एक म्हातारे गृहस्थ माझ्याकडे पाहून थांबले. छत्रीकडे बोट केले, मग माझ्याकडे केले, आणि “इंदियानो” म्हणून हसले. मीही मान हलविली. दोघांजवळ सामाईक शब्द तेवढाच होता. दीडशे वर्षे त्या लोकांनी या मुलाचे नाव विसरून त्याची जागा लक्षात ठेवली आहे. आम्ही नाव पुस्तकात ठेवले आणि जागा विसरलो.

तेथे उभा असताना वहीतली टीप आठवली. दुओमोचा देखणा दर्शनी भाग १८८७ चा. म्हणजे १८७० च्या त्या नोव्हेंबरात या मुलाच्या आजारपणी गावाच्या मुख्य देवळाचे तोंड उघड्या ओबडधोबड भिंतीचे होते. आपण जे पाहून थक्क होतो ते त्याच्या वेळी नव्हतेच. का कोण जाणे, एवढ्या एका गोष्टीने तो मला इतिहासातून उठून जवळ आल्यासारखा वाटला.

घरी परतल्यावर

खरा धक्का पुढेच होता. बडोद्याला परत आल्यावर मी त्या छत्रीविषयी अधिक वाचले. आराखडा केला होता मेजर चार्ल्स मँट यांनी. हे नाव कोठे ऐकले म्हणून शोधू लागलो, तर हे आमच्या लक्ष्मीविलास राजवाड्याचे मूळ वास्तुशिल्पकार! कोल्हापूरचा नवा राजवाडाही त्यांचाच. मँट १८८१ मध्ये वारले आणि लक्ष्मीविलासचे काम चिझम यांनी १८९० मध्ये पुरे केले. ज्या राजवाड्याच्या कुंपणावरून माझे सारे बालपण गेले, तो ज्याने योजला त्याच्याच हातची छत्री पाहावयास मी सातासमुद्रापार गेलो, आणि तेथे उभा असतानाही मला ते ठाऊक नव्हते. त्या राजवाड्याच्या दरबार-दालनातील मोझाइकची जमीन व्हेनिसच्या कारागिरांनी घातली, तेथले पुतळे इटालियन शिल्पकार फेलिची याने घडविले, हेही मी तेव्हाच नीट वाचले. इटली आमच्या घरात येऊन बसली होती; आम्हीच ओट्यावर होतो.

आमच्या राजधानीतही पुष्कळ काही जागेवर राहिले आहे. वस्तुसंग्रहालय आहे, फत्तेसिंग संग्रहालय आहे, कीर्तिमंदिरात नंदलाल बोस यांची भित्तिचित्रे आहेत, तांबेकर वाड्याच्या भिंती रंगलेल्या आहेत. उणीव आहे ती आठ माणसांना घेऊन सावकाश चालणाऱ्या आणि पायाखालची फरशी दाखविणाऱ्या माणसाची. हे काम सरकारने करावे असे म्हणून आपण मोकळे होतो. पण ओट्यांच्या गोष्टी सरकारच्या दप्तरात नसतात. त्या आपल्या घराघरांतील सत्तरीच्या माणसांजवळ आहेत, आणि दर वर्षी त्यांतल्या काही निघून जातात.

म्हणून गेल्या महिन्यात एका रविवारी सकाळी मी नातवंडे आणि शेजारची मुले मिळून सात जणांना घेऊन मांडवीपासून निघालो. माझ्यासकट आठ. तयारी म्हणून चार दिवस वाचले होते. तांबेकर वाड्यापर्यंत ठीक गेले. वाटेत एका गुजराती दुकानदाराने आम्हाला थांबवून आपल्या दुकानाच्या जागी पूर्वी काय होते ते माझ्याहून चांगले सांगितले, आणि मुलांना बसावयास फळीही दिली. पुढे एका जुन्या वाड्याच्या दारावर अर्धवट पुसलेली अक्षरे होती. धाकट्या नातीने विचारले, “आजोबा, हे कोणाचे घर?”

मला सांगता आले नाही. मी वहीत पत्ता लिहून घेतला आणि पुढच्या रविवारी सांगतो असे तिला कबूल केले. तो वाडा कोणाचा हे वाचकांपैकी कोणाच्या घरी ठाऊक असण्याचा संभव आहे. असल्यास त्यांनी मला सांगू नये. आपल्या नातवंडांना तेथे घेऊन जावे आणि दारात उभे राहून सांगावे.